सुंठीवाचून जिंजरब्रेड

सुंठीवाचून खोकला गेला, असे आपण म्हणतो तेव्हा औषधाची तसदी न घेता दुखणे टळल्याचे समाधान त्या बोलण्यात असते. पण सुंठीवाचून जिंजरब्रेड झाला, तर समाधान मानावे की खेद करावा? गेल्या नाताळात हा प्रश्न आमच्या घरी उपस्थित झाला आणि त्याचे उत्तर देताना आमची जी फजिती झाली, ती या लेखाचे निमित्त होय.

आमच्या पुतणीने दोन दिवस खपून जिंजरब्रेड केला होता. तारे, घंटा, माणसे असे नाना आकार कापून तिने ते भाजले, त्यांवर पांढऱ्या आयसिंगची जाड वेलबुट्टी काढली आणि ताट बैठकीत आणून ठेवले. घरातल्या सर्वांनी एकमुखाने स्तुती केली. "काका, खरं सांगा हं," असे ती आम्हांस म्हणाली, तेव्हा आम्हीही "उत्तम" असा निर्वाळा देऊन मोकळे झालो. मग शेजारच्या ख्रिस्ती आजी आल्या. त्या मूळच्या सासष्टीच्या. त्यांनी एक तारा तोंडात घातला, सावकाश चावला आणि शांतपणे विचारले, "बाय, आलें खंय आसा?"

आले होते, दोन चहाचे चमचे सुंठपूड घातल्याचे पुतणीने सांगितले. पण जिभेला ती सापडत नव्हती, आणि ही गोष्ट आम्हांसही पहिल्या घासालाच कळली होती. दुसऱ्यांच्या साक्षीतील विसंगती काढण्यात ज्याचा जन्म गेला, त्याने आपल्या घरच्या बैठकीत सरळ खोटी साक्ष दिली होती. त्या अपराधाचे परिमार्जन म्हणून या पदार्थाची रीतसर तपासणी करण्याचे आम्ही ठरविले.

खाद्यपदार्थ हा समीक्षेचा विषय नव्हे, असा आक्षेप कोणी घेईल. त्याला आमचे उत्तर इतकेच की, समीक्षेचा आद्य शब्दच आपण स्वयंपाकघरातून उचलला आहे. नाट्यशास्त्राच्या सहाव्या अध्यायात रसाची उपपत्ती सांगताना भरताने नाना व्यंजनांच्या संयोगाने सिद्ध होणाऱ्या अन्नाचाच दाखला घेतला आहे. ज्या दाखल्यावर दोन सहस्र वर्षे आपण काव्याचा विचार केला, तो एकदा उलटा लावून पाहण्यास हरकत नसावी.

प्रथम नावाचा विचार करू. या नावाचा प्रवास म्हणजे चुकीच्या ऐकण्याची एक लांबलचक साखळी आहे. संस्कृतात आल्याला शृंगवेर म्हणतात. रामायणात गुहाच्या नगरीचे नाव शृंगवेरपूर आहे, ते वाचकांस आठवत असेल. शृंग म्हणजे शिंग आणि वेर म्हणजे अंग. शिंगासारखे ज्याचे अंग ते शृंगवेर, अशी व्युत्पत्ती सांगितली जाते आणि आल्याचे फाटे पाहिले म्हणजे ती पटतेही. परंतु भाषाशास्त्रज्ञांचे मत असे की मूळ शब्द द्रविड भाषांतला. दक्षिणेत इंजि म्हणजे आले आणि वेर म्हणजे मूळ. उत्तरेच्या कानांनी तो शब्द ऐकला आणि त्याला आपल्या परिचयाचे शिंग बसविले. पालीतील सिंगिवेर, ग्रीकांचा झिंगिबेरिस, लॅटिनमधील झिंगिबेर अशा पायऱ्यांनी तो युरोपात गेला. तेथे मध्ययुगीन लॅटिनमध्ये आल्याच्या पाकवलेल्या जिनसाला जिंजिब्राटुम आणि जुन्या फ्रेंचमध्ये जिंजेंब्रास म्हणू लागले. त्या शब्दाच्या शेपटाचा इंग्रज कानांना बोध होईना, म्हणून त्यांनी त्याला आपल्या परिचयाचा ब्रेड बसविला. म्हणजे ज्याला आपण आल्याचा पाव म्हणतो, त्याच्या नावातला पाव मुळात पाव नव्हताच.

साखर हा शर्करेचा, ऑरेंज हा नारंगाचा वंशज, म्हणून हा सारा पदार्थ मुळात आपलाच, असा अभिमानाचा सूर येथे कोणी लावू नये, अशी आमची विनंती आहे. शब्द आपल्या बाजूने गेला एवढ्याने पदार्थावर मालकी सिद्ध होत नाही. मलबारची सुंठ गलबतांत भरून गेली हे खरे. परंतु तिला मध आणि भाकरीच्या चुऱ्यात, नंतर पीठ आणि काकवीसारख्या काळ्या पाकात मुरविण्याची कल्पना तिकडच्या स्वयंपाकघरांची आहे. आमच्या गोव्याच्या परंपरागत कुस्वारात नेवऱ्यो आहेत, दोदोल आहे, कुलकुलां आहेत, बोलिन्य आहेत, जिंजरब्रेड नाही. उसना पदार्थ उसना म्हणूनच नीट करावा, यात कमीपणा कसला?

नावातला पाव जसा संशयास्पद, तसेच नावातले आलेही नेहमी भरवशाचे नव्हते. पंधराव्या शतकातील एका इंग्रजी हस्तलिखितात या पदार्थाची कृती आहे. मध उकळून त्यावरची मळी काढावी. केशर आणि मिरपूड टाकावी. किसलेला पाव घालून वड्या पडतील इतके घट्ट करावे. वर दालचिनीची पूड भुरभुरावी. चौकोनी तुकडे करून त्यांवर बॉक्स नावाच्या सदाहरित झुडपाची पाने लवंगांनी टोचून बसवावी.  भट्टी नाही आणि आलेही नाही! लेखनिकाच्या नजरचुकीने आले गळले असेल, असा बचाव करता येईल. पण लक्षात घेण्याजोगी गोष्ट अशी की, आले विसरणाऱ्या त्या लेखनिकाला शोभेची पाने आणि लवंगा मात्र आठवल्या. आमच्या पुतणीचा दोष निदान पाचशे-सहाशे वर्षांच्या परंपरेतला आहे.

हा पदार्थ खऱ्या अर्थाने बांधेसूद झाला तो पुढे. 1747 साली लंडनमध्ये प्रसिद्ध झालेल्या हॅना ग्लास यांच्या पाकपुस्तकात त्याची जी कृती आहे, ती आम्हांस एखाद्या उत्तम मसुद्यासारखी वाटते. तीत एकही शब्द वायफळ नाही. तीन पौंड पीठ, एक पौंड साखर, पिठात चोळलेले एक पौंड लोणी, दोन औंस बारीक कुटलेली सुंठ, एक मोठे जायफळ; मग एक पौंड ट्रीकल, म्हणजे साखरकारखान्यातला काळा पाक, आणि पाव पाइंट साय एकत्र कोमट करून घट्ट मळावे, पातळ लाटावे, चहाच्या पेल्याने किंवा लहान ग्लासाने कापावे आणि मंद भट्टीत भाजावे. साच्याची अपेक्षा नाही, सोन्याच्या वर्खाचा उल्लेख नाही. घरात जो पेला असेल, तोच साचा.

येथे आम्ही वकिली सवयीने प्रमाण मांडून पाहिले. तीन पौंड म्हणजे अठ्ठेचाळीस औंस पीठ. त्यास दोन औंस सुंठ. चोवीस भाग पिठाला एक भाग. पुतणीच्या कृतीत 400 ग्रॅम मैद्याला दोन चहाचे चमचे सुंठपूड होती, म्हणजे सुमारे चार ग्रॅम. शंभर भागांस एक. ग्लासबाईंच्या प्रमाणाचा जेमतेम चौथा हिस्सा! आजींच्या प्रश्नाला याहून सरळ उत्तर नाही. आजकालच्या पुष्कळ कृती असेच करतात. कोणाला तिखट लागू नये, मुलांनी तोंड वाकडे करू नये, म्हणून नायकालाच मुका करून ठेवतात आणि मग नाटक फिके पडले म्हणून नेपथ्य वाढवितात.

आले आणि सुंठ यांतील फरकही येथे पाहिला पाहिजे. आले वाळले म्हणजे त्यातील जिंजेरॉल या द्रव्याचा काही भाग शोगाओल नावाच्या अधिक तिखट द्रव्यात पालटतो. म्हणून सुंठेचा झणका ओल्या आल्याहून खोल आणि टिकाऊ असतो. उलट उष्णतेने जिंजेरॉलचे झिंजेरोन होते, ते सौम्य आणि किंचित गोडसर असते. भट्टीत ओले आले मवाळते, सुंठ ताठ राहते. आपल्याकडच्या बायका आलेपाकाला ओले आले आणि सुंठवड्याला सुंठ योजतात, ती याच जाणिवेने. रसायनशास्त्र त्यांना ठाऊक नसेल. जिभेचा अनुभव पिढ्यांचा होता.

आता अलंकाराकडे वळू, कारण खरा वाद तेथेच आहे. जिंजरब्रेडच्या इतिहासात प्रारंभापासून दोन धारा वाहतात: एक खाण्याची, दुसरी पाहण्याची. युरोपातील जत्रांतून कोरीव लाकडी साच्यांत दाबलेले, राजे-राण्यांच्या आणि संतांच्या आकृतींचे जिंजरब्रेड विकले जात आणि त्यांवर सोनेरी वर्ख चढवीत. पुष्कळदा तो वर्ख सोन्याचा नसून तांब्याच्या मिश्रधातूचा असे. जिंजरब्रेडवरचा मुलामा उतरणे, म्हणजे आकर्षण गळून पडणे, असा वाक्प्रचारच इंग्रजीत रूढ झाला. ज्या पदार्थाचा मुलामा उतरल्यावर मागे काही उरत नाही असे लोकांनाच वाटू लागते, त्याच्या चवीविषयी वेगळा पुरावा हवा कशाला?

याच्या विरुद्ध बाजूची साक्षही आहे. नुरेंबर्ग शहराभोवतीच्या अरण्यात मधपाळांची वस्ती होती आणि शहरातून मसाल्यांचा व्यापार चाले. या दोहोंच्या संगमातून तेथला लेबकुखेन सिद्ध झाला. 1643 साली तेथे लेबकुखेन करणाऱ्यांचा स्वतंत्र संघ झाला. 1996 पासून त्या नावाला युरोपीय कायद्याचे भौगोलिक संरक्षण आहे. तेथील एलिझेन नावाच्या श्रेष्ठ प्रकारात बदाम, अक्रोड वा हेझलनट निदान 25 टक्के हवेत आणि पीठ 10 टक्क्यांहून अधिक नको, असा जर्मन दंडक आहे. नियम करणाऱ्यांनी मोजमाप लावले ते आकाराला नव्हे, अंतरंगाला. इंग्लंडात ग्रासमिअर गावी 1854 पासून सेरा नेल्सन यांनी विकावयास घेतलेला जिंजरब्रेड असाच. गावच्या जुन्या शाळेत, वर्ड्‌स्वर्थ ज्या दफनभूमीत विसावला आहे तिच्या कडेला, ते दुकान आजही आहे. तो पातळ, भुसभुशीत आणि तिखटसर असतो. त्यावर आयसिंगचा थेंबही नसतो.

पाहण्याच्या धारेचा कळस म्हणजे जिंजरब्रेडचे घर. हे घर ग्रिम बंधूंच्या कथेतून आले, असे सर्वत्र सांगतात. परंतु मूळ दस्तऐवज पाहिला तर वेगळेच दिसते. 1812 च्या पहिल्या आवृत्तीत हान्सेल आणि ग्रेटेल यांना रानात दिसलेले घर साध्या पावाचे आहे. छप्पर केकचे आणि खिडक्या चकचकीत साखरेच्या. त्या कथेचे मर्म पावातच आहे. घरात भाकरीचा तुकडा उरला नाही म्हणून आईबापांनी मुलांना रानात सोडले. अशा मुलांना पावाची भिंत दिसावी, यातच सारे कारुण्य आहे. भुकेल्याच्या स्वप्नात पक्वान्न नंतर येते, आधी भाकरी येते. पुढे हुंपरडिंक या संगीतकाराने आपल्या बहिणीच्या संहितेवर ऑपेरा रचला आणि 23 डिसेंबर 1893 रोजी वायमार येथे रिखार्ड श्ट्राउस यांच्या संचालनाखाली त्याचा पहिला प्रयोग झाला. त्यात चेटकिणीने मुलांचे लेबकुखेन करून टाकलेले असतात आणि शेवटी ती स्वतःच भाजून लेबकुखेन होते. रंगभूमीच्या दृष्टीने ही योजना मोठी नामी आहे, आणि तो ऑपेरा युरोपात नाताळचा सोहळाच होऊन बसला. परंतु भुकेची कथा सणाची कथा झाली, ती या वाटेने. आज घरोघरी बांधल्या जाणाऱ्या त्या खमंग घरांत मूळच्या उपाशी मुलांची आठवण कितीशी उरली आहे, हा प्रश्न विचारण्यासारखा आहे.

अलंकार कोठे थांबावा याचा निर्णय एका अनपेक्षित जागी झालेला आम्हांस आढळला. तो म्हणजे ब्रिटनच्या करखात्याच्या सूचनांत. तेथे सामान्य अन्नावर मूल्यवर्धित कर पडत नाही. चॉकलेट माखलेल्या बिस्किटावर 20 टक्के पडतो. मग जिंजरब्रेडच्या माणसाचे काय करावयाचे? खात्याचे म्हणणे असे की, चॉकलेट डोळ्यांच्या दोन ठिपक्यांपुरते असेल तर कर नाही. त्याहून अधिक, म्हणजे गुंड्या किंवा पाटलोण काढली, तर कर लागू. ही वाचून व्यवसायबंधू हसतात, आम्हीही हसलो. पण विचारांती वाटले की त्या अनाम कारकुनाला अलंकारशास्त्राचा गाभा सापडला आहे. डोळ्यांचे दोन ठिपके वस्तूला ओळख देतात. त्यापुढचा प्रत्येक ठिपका वस्तूची जात बदलू लागतो.

आपल्याकडे हा विचार अकराव्या शतकात काश्मीरच्या क्षेमेंद्राने औचित्याच्या नावाने केला. कंबरपट्टा गळ्यात आणि हार कमरेला बांधला तर त्या दागिन्यांनी शोभा न येता हसे होते, हा त्याचा दाखला प्रसिद्ध आहे. दागिना खोटा नसतो. जागा चुकलेली असते. जिंजरब्रेडवरच्या साखरेच्या लेपाला हीच कसोटी लावली म्हणजे त्याची तीन कार्ये वेगळी दिसू लागतात: दिसणे, जोडणे आणि चव घडविणे.

अंड्याच्या पांढऱ्यात पिठीसाखर फेटून केलेले रॉयल आयसिंग वाळले की दगडासारखे कठीण होते. घर बांधताना ते चुन्याचे काम करते. त्यावाचून भिंती उभ्या राहत नाहीत. तेथे ते सर्वस्वी उचित आहे, आणि घराच्या जिंजरब्रेडला नाके मुरडणाऱ्या आमच्यासारख्यांनी एवढे तरी कबूल केले पाहिजे. शिवाय लहान मुले सगळी मिळून ते घर बांधतात, तेव्हा त्यांना तोंडाला चव नको असते, हातांना काम हवे असते. तो खेळ आहे. त्याला पाककृतीचे नियम लावणे अन्यायाचे होईल. आमची तक्रार आहे ती जे काहीच जोडत नाही आणि काहीच चवीला घालत नाही अशा लेपाविषयी. सपाट ताऱ्यावर जाड पांढरी नक्षी बसली की दाताखाली प्रथम साखरेचे कवच फुटते, जीभ गोडाने भरून जाते, आणि सुंठ येईतो घास गिळून झालेला असतो. भूमिका करणाऱ्या नटाच्या अंगावर एवढे दागिने घातले की त्याला हात उचलता येईना, असे ते होते.

लिंबाच्या रसात कालवलेला लेप या दोहोंहून निराळा. त्याला विणकाम करता येत नाही, भिंत उभारता येत नाही. तो पातळ पसरतो आणि अर्धपारदर्शक होऊन वाळतो. त्याचे सारे कर्तृत्व चवीत आहे. सुंठेचा तिखटपणा, काळ्या पाकाचा किंचित कडवटपणा आणि साखरेचा गोडवा हे तिघे एकाच दिशेने जड होत जातात. आंबटपणा त्यांना सोडवितो. दुसऱ्या घासाला तोंड पुन्हा ताजे होते, म्हणून तिसरा घास घ्यावासा वाटतो. आले-लिंबाचे पाचक करणाऱ्या कोणत्याही मराठी घराला हे समजावून सांगण्याचे कारण नाही. रसाइतकेच महत्त्व सालीला आहे. रसात आंबटपणा असतो, परंतु सुगंध असतो तो सालीच्या वरच्या रंगीत पापुद्र्यातील तेलात. त्याखालचा पांढरा गर कडू; किसणी तेथे पोचण्याआधी हात थांबला पाहिजे. थांबण्याची जागा ओळखणे हाच औचित्यविचार, तो येथे बोटांनी करावा लागतो.

अशी तपासणी पुरी करून आम्ही निकालपत्र पुतणीपुढे ठेवले आणि पहिल्या दिवशीच्या खोट्या साक्षीबद्दल तिची क्षमा मागितली. ती रागावली, पण आमच्या टीकेबद्दल नव्हे. "त्या दिवशीच सांगितलं असतं, तर उरलेल्या कणकेत सुंठ घालता आली असती," असे ती म्हणाली. तिचे म्हणणे रास्त होते. आपण मोठ्या लेखकांच्या ग्रंथांवर निर्भीडपणे लिहितो आणि घरच्या मुलीने दोन दिवस खपून केलेल्या वस्तूला न चाखता गोड म्हणतो. हे वात्सल्य नव्हे. तिचे काम गंभीरपणे घेण्याजोगे नाही, असा तो मुका शेरा आहे. आजींनी तिला तीन शब्दांत जो मान दिला, तो आम्हां सर्वांच्या स्तुतीने दिला नव्हता.

दुसऱ्या खेपेस तिने 400 ग्रॅम मैद्याला सोळा ग्रॅम सुंठ घेतली, एक जायफळ किसले आणि ट्रीकलच्या जागी आपल्या भागातली काकवी वापरली. काकवी ट्रीकलहून गोड आणि कमी कडू असते, म्हणून साखर कमी केली. वड्या साध्या पेल्याने कापल्या. एक दिवस डब्यात मुरू दिल्या. मग पूर्ण गार असतानाच, 150 ग्रॅम पिठीसाखरेत दोन मोठे चमचे कागदी लिंबाचा रस आणि एका संत्र्याच्या सालीचा किस घालून केलेला पातळ लेप ब्रशाने फिरविला. गरम वडीवर लेप लावला तर तो वितळून ओघळतो, हे तिने पहिल्याच खेपेस शिकून ठेवले होते.

आजींनी एक वडी खाल्ली आणि काही न बोलता दुसरी उचलली. आम्हांस विचारले, तेव्हा या वेळी आम्ही शपथेवर सांगितले, सुंठ आहे, लिंबू आहे, दोन्ही आपापल्या जागी आहेत; परंतु कडेच्या ओळीतल्या चार वड्यांचा तळ करपला आहे. पुतणीने वड्या उलटून पाहिल्या, मान डोलावली आणि वहीत लिहून घेतले: खालचा ताप कमी.